घाटघरचा स्टॉपर

समोरचा फॉरवर्ड चेंडू घेऊन आमच्या बॉक्सकडे निघाला की स्टॉपर त्याला मोठ्याने म्हणायचा, "या पावणं, या." मी मागे गोलमध्ये हात पसरून उभा, आणि ह्याचं आदरातिथ्य चाललेलं. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, हा समोरच्यांना फितूर झाला की काय. पण पाहुणा जवळ आला की स्टॉपर असा काही आडवा उभा राहायचा की त्याला आत जाता येत नसे आणि परत फिरणंही बरं दिसत नसे. तो बिचारा डावीकडे हूल दे, उजवीकडे हूल दे, असं करून करून कंटाळायचा, आणि तेवढ्यात चेंडू स्टॉपरच्या पायात गेलेला असायचा. वर त्याचं म्हणणं, "पावण्याला पडवीत बसवायचं, पाणी द्यायचं, बोलत ठेवायचं. पर चुलीपतूर येऊ द्यायचं नाय."

बचावाच्या मधोमध, गोलकीपरच्या पुढ्यात जो खेळतो त्याला आमच्या वेळी स्टॉपर म्हणत. आता टीव्हीवर त्याला सेंटर बॅक म्हणतात, पण काम तेच, आणि गोल खाल्ल्यावर शिव्याही त्यालाच. आमच्या ह्या गड्याला हे नाव असं चिकटलं की खरं नाव फक्त हजेरीच्या वेळी कानावर पडायचं. पुढे एकदा त्याच्या आईचा मला फोन आला. म्हणाली, "आमचा ष्टापर हाय का तिथं?" तेव्हा मी समजलो, आता हे नाव काही सुटत नाही.

तो घाटघरचा. जुन्नरच्या पार पश्चिमेला, नाणेघाटाच्या अलीकडे. घरी भाताची चार खाचरं, उतारावर थोडी नाचणी, वरई. फुटबॉल त्याने आश्रमशाळेत पाहिला आणि बूट कॉलेजात आल्यावर घातले. मी पेठेचा, आंबेगाव तालुक्यातला, हायवेवरच्या गावात वाढलेला. मामाकडे राहून जुन्नरच्या कॉलेजात शिकत होतो. शिकत होतो म्हणजे काय, गोलमध्ये उभा राहत होतो. त्यामुळे ह्या माणसाचा चेहरा मी कमी आणि पाठ जास्त पाहिली. त्याची पाठ बघून मला कळायचं की आता धोका आहे का नाही. खांदे सैल असले की मी बिनधास्त नाक शिंकरून घ्यायचो.

मैदानात त्याचं तोंड एक क्षण बंद नसायचं. "डावीकडं सर. तू पुढं जा. गोली, झोपला का? त्यो सात नंबर मोकळा हाय, राखा त्याला." अख्ख्या संघाला तो असा हाकत असायचा. गोली म्हणजे मी. आणि मॅच संपली की हाच माणूस मुका. जिंकल्यावर आम्ही हॉटेलात मिसळीवर तुटून पडायचो तेव्हा तो कोपऱ्यात बसून रश्शात पाव बुडवत असायचा आणि त्याला काही विचारलं तर मान हलवायचा. मी एकदा वैतागून म्हणालो, "अरे, मैदानात एवढं बोलतोस, इथे काय झालं?" तर म्हणाला, "इथं कुठं कोण गोल मारतोय?"

आणखी एक गोष्ट म्हणजे तो कधी खाली बसायचा नाही. मैदानावर घसरत जाऊन चेंडू काढण्याची आम्हा पोरांना भारी हौस. कपड्यांना माती लागली की खेळल्यासारखं वाटायचं. त्याला ते अजिबात मान्य नव्हतं. "खाली बसायचं ते जेवायला. जो बसला त्यो गेला. उभ्यानं खेळा राव." एका स्पर्धेत त्याच्या नाकावर कोपर बसलं, शर्टवर रक्त, रेफरीने बाहेर जायला सांगितलं. तो बाहेर गेला, कापसाचे बोळे कोंबून परत आला आणि उरलेला सगळा वेळ तोंडाने श्वास घेत, तोंडानेच हुकूम सोडत खेळला. त्या मॅचला पुण्याच्या एका क्लबाचा माणूस आला होता. आमच्यातून त्याने एकट्या स्टॉपरला उचललं. माझा जळफळाट व्हायला हवा होता, पण खरं सांगतो, मला छाती फुटेल इतका आनंद झाला.

पुण्याहून तो गोव्याला गेला आणि करारावर खेळणारा खेळाडू झाला. पगार, बूट, राहायला खोली. आणि पहिल्याच वर्षी त्याच्यापुढे ते संकट उभं राहिलं जे तो खेळत होता तोवर सुटलं नाही. क्लबाचं तयारीचं शिबिर भर आषाढात असतं, आणि घाटघरला भाताची आवणीही आषाढातच.

आवणी म्हणजे रोपं उपटून चिखल केलेल्या खाचरात लावायची. हे काम तिकडे सावडीने होतं. आज सगळ्या घरांनी तुझ्या खाचरात, उद्या सगळ्यांनी माझ्या. मजुरी कुणी कुणाला द्यायची नाही. प्रत्येक घराने प्रत्येकाकडे आपली दोन माणसं पाठवायची, एवढंच. कुणाचं खाचर कधी, हे ठरवायची ठकूमावशी. स्टॉपरची ती काही सख्खी मावशी नव्हे, पण वाडीतल्या सगळ्यांचीच मावशी. आवाज असा की पलीकडच्या टेकडीवरचा माणूस दचकावा. त्या वर्षी स्टॉपर गोव्याला, वडील आधीच गेलेले, आणि आईला ताप. त्यांच्या घरून एकही माणूस गेला नाही. ठकूमावशीने भांडण केलं नाही, की बोल लावला नाही. फक्त त्यांचं खाचर सगळ्यांच्या शेवटी घेतलं. तोवर रोप जून झालं, आणि जून रोपाला फुटवा येत नाही. त्या वर्षी त्यांच्या घरात भात निम्मासुद्धा आला नाही.

स्टॉपर मला म्हणाला, "मावशी चुकली नाय. आमचं माणूस गेलं न्हाई तर आमच्याकडं कुणी का यावं?" तेव्हापासून त्याने ठरवलं, खेळणारही आणि सावडीचा दिवसही चुकवणार नाही. दोन्हीतलं एक सोड, असं त्याला प्रत्येकाने सांगितलं. मीही सांगितलं. तो ऐकून घ्यायचा आणि मान हलवायचा.

दुसऱ्या वर्षी त्याने रजा मागितली. कोच परदेशी, त्याला आवणी समजावणार कोण? ह्याने सोपा मार्ग काढला, बहिणीचं लग्न आहे म्हणाला. रजा मिळाली. पुढच्या वर्षी पुन्हा बहिणीचं लग्न. त्याच्या पुढच्या वर्षीही. शेवटी कोचने त्याला जवळ बसवून मोठ्या काळजीने विचारलं की बाबा, तुला बहिणी आहेत तरी किती? तो वाचला असता, पण बूट-कपडे सांभाळणारा माणूस कोल्हापूरचा निघाला. तो शेजारून म्हणाला, "आषाढात कुठलं रे लग्न काढतोस दरसाली?" मग स्टॉपरने सगळं खरं सांगितलं. कोच हसला म्हणे, आणि म्हणाला, जा, पण येताना पाय जड करून येऊ नकोस. चिखलातून आल्यावर त्याचे पाय उलट हलके व्हायचे, हे त्या कोचला पुढे कळलं.

सगळेच असे समजूतदार नसतात. ऐन भरात असताना त्याला कोलकात्याच्या एका मोठ्या क्लबाने बोलावलं. तपासणी करायची, सही करायची, फोटो काढायचा. जो दिवस त्यांनी दिला तो नेमका घाटघरच्या सावडीचा निघाला. पाऊस त्या साली उशिरा आला होता, त्यामुळे सगळ्यांची घाई, दिवस पुढे ढकलायची सोय नाही. स्टॉपरने कोलकात्याला निरोप ठेवला की उद्या येतो, आणि बांधावर फोन आईच्या लुगड्यात गुंडाळून खाचरात उतरला. अशी चूक आमच्या भागातलाच माणूस करू शकतो. दुसऱ्या दिवशी तो निघायच्या आत क्लबाने दुसऱ्याची सही घेतली होती.

मी त्याच्यावर असा काही संतापलो की विचारू नका. म्हणालो, "एक दिवस, राव! मजूर लावून दिला असता मी." तो म्हणाला, "त्यान्ला दुसरा स्टॉपर घावला का न्हाई? घावला. सावडीत मजूर चालत नाय." त्यानंतर बरेच दिवस तो माझा फोनही उचलेना. त्याला लागलं नव्हतं असं कुणी समजू नये. त्याला इतकं लागलं होतं की पुढच्या मोसमात त्या क्लबाविरुद्ध तो जसा खेळला तसा मी त्याला आधी आणि नंतर कधी पाहिला नाही. मी ती मॅच माझ्या दुकानात टीव्हीवर पाहिली. त्यांचे फॉरवर्ड शेवटी त्याच्या बाजूने यायचेच बंद झाले.

मग गुडघा गेला. उडी मारून खाली येताना पाय वाकडा पडला, आतली शीर तुटली. पुण्यात ऑपरेशन, नंतर कित्येक महिने व्यायाम. त्या काळात तो माझ्याकडे पेठेला राहिला. हायवेला माझं ट्रॅक्टरच्या सुट्या भागांचं दुकान आहे. दुकानामागच्या रस्त्यावर तो पहाटे पायाला वाळूची पिशवी बांधून चालायचा. परत उभा राहिला, परत खेळला, आणि पुढच्या मोसमात तोच गुडघा पुन्हा गेला. डॉक्टरांनी सांगितलं, आता खेळ बंद, उकिडवं बसणं बंद, चिखलात उतरण्याचं तर नावच काढू नका. गावाकडून एकेकजण सुचवू लागला. नाणेघाटाला हॉटेल टाक, चाकणला कंपनीत सिक्युरिटीला लाग. तो सगळ्यांना एकच उत्तर द्यायचा. "माझा पाय सुटलाय. खेळ सुटला नाय."

मला वाटायचं, हे बोलायचं म्हणून बोलतोय. पण त्याच सुमारास मोबाईलवर फुटबॉलच्या मॅच मराठीत सांगायला सुरुवात झाली, आणि जुन्या खेळाडूंना बोलावणं येऊ लागलं. स्टॉपर मुंबईला गेला. काचेच्या खोलीत बसवलं, कानाला हेडफोन, पुढ्यात पडदा, पडद्यावर मॅच. आणि ह्या पठ्ठ्याने काय करावं? तो खेळाडूंनाच हुकूम सोडू लागला. "अरे मागं बघ. तुझ्या मागं माणूस मोकळा हाय. सर डावीकडं, सर." मॅच चाललेली कुठे, हा बसलेला मुंबईत. तिथली प्रमुख बाई नाशिकची, फार शांत स्वभावाची. ती म्हणाली, "दादा, तुम्ही प्रेक्षकांशी बोला ना." ह्याने तिला सांगितलं, "प्रेक्षकांना दिसतंय की, ताई. त्या पोराला दिसंना."

त्याला घरी पाठवलं. दुसरा कुणी असता तर पुन्हा तोंड दाखवलं नसतं. हा पुढच्या आठवड्यात पुन्हा एसटीने मुंबईत हजर. ताई, आणखी एकदा बघा. पुन्हा नापास. मग तो माझ्या दुकानात येऊन बसू लागला. टीव्हीचा आवाज बंद करायचा, मी टीव्हीकडे पाठ करून बसायचं, आणि त्याने मला मॅच सांगायची. "तू आंधळा गोली हायस असं समजतो," म्हणाला. मी ऐकत पिस्टन पुसत राहायचो. गिऱ्हाईक नटबोल्ट मागायला आलं की तेही ऐकत उभं राहायचं, आणि मॅच संपल्याशिवाय जायचं नाही. मला जिथे समजायचं नाही तिथे मी "काही कळलं नाही" म्हणायचो. तो मागे जाऊन तेच पुन्हा सांगायचा, वेगळ्या शब्दांत, न चिडता. मी मात्र चिडायचो, कारण त्या नादात माझा धंदा बुडत होता.

शेवटी बाईंनी त्याला घेतलं. त्याच्या जोडीला एक गुळगुळीत बोलणारा मुंबईचा तरुण दिला. तो सगळं व्यवस्थित सांगायचा आणि स्टॉपर मध्ये मध्ये बोलायचा. चेंडू मैदानाच्या मध्यावर असेपर्यंत त्याची भाषाही इस्त्री केलेली असायची. बॉक्सजवळ आला की इस्त्री मोडली. "राखण सुटली बघा. आता पावणं चुलीपाशी बसणार." आणि खरंच गोल व्हायचा. बेल्ह्याच्या बाजारात बैल घेऊन येणारे लोक, ज्यांनी जन्मात फुटबॉल पाहिला नव्हता, ते टेम्पोत बसून त्याच्या बोलण्याचे तुकडे एकमेकांना पाठवायला लागले. पण नोकरी म्हणावी तशी नव्हती. मॅच असेल तेव्हा बोलावणं, नसेल तेव्हा घरी. खेळ सुटला नव्हता, पण हातातही आला नव्हता.

मागच्या आषाढात परदेशात मोठी स्पर्धा होती. तिकडे रात्र, तेव्हा आपल्याकडे सकाळ. बाईंनी स्टॉपरला बाद फेरीची मॅच दिली आणि सांगितलं, वरचे लोक ऐकणार आहेत, चांगली झाली तर वर्षाचा करार करू. आणि त्याच दिवशी सकाळी ठकूमावशीच्या खाचरात सावड. आदल्या दिवशी दुपारी त्याचा मला फोन आला. ह्या माणसाने आयुष्यात कुणाकडे काही मागितलेलं मला आठवत नाही. म्हणाला, "गोली, माझ्या जागी हुभा ऱ्हाशील का? मजूर चालत नाय. पर तू मजूर न्हायस."

मी कांदा-बटाट्याच्या रानातला माणूस. भात फक्त ताटात पाहिलेला. तरी पहाटे पिकअप काढली आणि घाटघर गाठलं. पाऊस बारीक होता, बायामाणसं डोक्यावर प्लास्टिकचा कागद घेऊन रांगेत वाकलेली. स्टॉपरची आई माझ्या शेजारी उभी राहिली. रोपाची मूठ डाव्या हातात कशी धरायची, उजव्याने किती खोल रोवायचं, ते तिने दाखवलं. ठकूमावशीने मला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "ष्टापर कुठंय?" मी सांगितलं. ती पाठ फिरवून बांधावर गेली, आणि त्याच्या आईचा चेहरा उतरला. जून रोपाचं ते वर्ष तिच्या डोळ्यांपुढे आलं असणार.

तिथे मला एक गोष्ट कळली. आवणी करताना पुढे जात नाहीत, मागे जातात. लावलेलं समोर राहतं आणि माणूस न बघता मागे सरतो, अख्खी रांग एकदम, कुणी पुढेमागे होऊन चालत नाही. मैदानात तो फॉरवर्डकडे तोंड ठेवून उलटा असा पळायचा की मला वाटे, ह्याच्या पाठीला डोळे आहेत. ते डोळे ह्या चिखलात उघडले होते. माझ्या पाठीला मात्र काहीच नव्हतं. मी मागे सरताना दोनदा बसलो, आणि बाया तोंडाला पदर लावून हसल्या.

ठकूमावशीच्या सुनेने फोन पिशवीत घालून बांधावरच्या काठीला अडकवला होता. आता तिकडे रेंज येते, कधी येते, कधी जाते. मॅच सुरू झाली आणि स्टॉपरचा आवाज खाचरावर आला. पहिल्यांदा सगळं इस्त्रीतलं. मग एका बाजूने हल्ले वाढले, त्यांचा गोल थोडक्यात हुकला, आणि ह्याला राहवेना. "मागं सरा. सगळी मिळून मागं सरा. घाई न्हाई. रेषेत ऱ्हावा. एकानं बी मोडायची न्हाई."

रांगेतली एक म्हातारी म्हणाली, "ऐकलं का गं? मागं सरा म्हनतोय." सगळी रांग हसत एक पाऊल मागे सरली. आणि मग तो जसजसा बोलत गेला तसतशी रांग सरत गेली. तो "थांबा" म्हणाला की बाया कंबर सरळ करायच्या, "सरा" म्हणाला की वाकायच्या. त्याला ह्यातलं काही माहीत नव्हतं. तो मुंबईत काचेच्या खोलीत परदेशातल्या पोरांवर ओरडत होता आणि इथे घाटघरची बायामाणसं त्याच्या हुकमावर भात लावत होती. ठकूमावशीही वाकली होती. शेवटच्या काही मिनिटांत रेंज गेली. मॅच कोण जिंकलं ते आम्हाला कळलं नाही, पण खाचर मात्र रोजच्यापेक्षा लवकर पुरं झालं.

संध्याकाळी तो आला. माळशेजच्या वाटेने, मिळेल ती गाडी पकडत. घरी गेलाच नाही. स्टुडिओतली पँट गुडघ्यापर्यंत दुमडून थेट ठकूमावशीच्या दारात उभा राहिला. एक गुडघा अजून सुजलेला दिसत होता. मी विचारलं, "कराराचं काय झालं?" तो म्हणाला, "देतो म्हनले," आणि ते काही विशेष नसल्यासारखा मावशीकडे वळला. "मावशी, आज माझा खाडा झाला. उद्यापासनं जिथं असंल तिथं माझे दोन दिस धर."

ठकूमावशी हात पुसत बाहेर आली. म्हणाली, "कसला खाडा? सकाळपासनं बांधावर तूच व्हतास. तुझा दिस भरला. आन् ह्या पावण्याचा बी अर्धा धरलाय, वाकडं लावलंय त्यानं."

नाकावर कोपर बसलं तेव्हा ज्याच्या डोळ्यांत पाणी आलं नव्हतं तो माणूस तिच्या पायरीवर बसला आणि सगळ्यांसमोर रडला. त्याची आई आली आणि त्याच्या डोक्यावर हात ठेवून उभी राहिली. मी पिकअपकडे बघत राहिलो. थोड्या वेळाने त्याने बाहीने तोंड पुसलं आणि नेहमीच्या आवाजात विचारलं, "उद्या कुणाकडं?"

"उद्या तुमच्याकडं," ठकूमावशी म्हणाली. "औंदा माझ्यामागनं पयलं खाचर तुमचं."

दुसऱ्या दिवशी मी दुकान उघडलं नाही. सकाळी उजाडता उजाडता वाडीतली झाडून सगळी माणसं त्याच्या खाचराच्या बांधावर उभी होती. डॉक्टरांचं नाव काढायची माझी हिंमत झाली नाही. स्टॉपर रांगेच्या मधोमध जाऊन उभा राहिला, रोपाची मूठ उचलली आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "गोली, माझ्या डाव्या हाताला ये. आज सरळ लाव."